नाटकाच्या कव्हरमधली जपानी बाई

१३ ऑगस्ट २००६, सँडरिंगहॅम
घात झाला. लायब्ररीतून आणलेली जपानी डीव्हीडी नवऱ्याला, अभयला, दिसू नये म्हणून मराठी नाटकाच्या सीडीच्या कव्हरमध्ये ठेवली होती. मी दुकानात गेले असताना वैद्यकाकू नाटक मागायला आल्या आणि नवरोबांनी नेमकं तेच कव्हर दिलं! शनिवारी त्यांच्या सुनेची मंगळागौर. (इथे परदेशात मंगळवारी सगळ्यांना ऑफिस.) जेवणं झाली की नाटक लावणार, सगळ्या बायकांसमोर.

१४ ऑगस्ट
काकूंना फोन. "ती सीडी खराब आहे, दुसरी देते." "असू दे गं, मी बघते लावून." मेले.
अभयला वाटतं, माझा युनिव्हर्सिटीचा निबंध जपानी संस्कृतीवर आहे. खरा विषय, तिथल्या कामुक सिनेमातली बाई आणि तिला घाबरणारा समाज. ट्यूटर म्हणाली, "हीप्स ऑफ मटेरियल, स्वीट अ‍ॅज!" म्हणजे ढीगभर साहित्य, एकदम झकास. तिचं काय जातंय.

१६ ऑगस्ट
झोप नाही. सिनेमातली ती विधवा पुरुषाला सरळ सांगते, मला तू हवास. लाजत नाही. गाव तिला वाळीत टाकतं. पडदे ओढून पाहिला होता. किळस यायला हवी होती. आला तो हेवा. हे कुणाशी बोलणार?

१९ ऑगस्ट
फुगड्या, जेवणं झाली. कुणीतरी ओरडलं, "नाटक लावा की!" काकू शांतपणे म्हणाल्या, "ती सीडी चालतच नाही. झिम्मा खेळा."
नंतर किचनमध्ये भांडी विसळताना, माझ्याकडे न बघता, "त्या बाईसाठी फार भीती वाटली गं मला." मग ताट पुसत, "राहू दे ती सीडी अजून थोडे दिवस माझ्याकडे."
काकू साठीच्या.

२२ ऑगस्ट
दुपारी काकूंचा फोन, दबक्या आवाजात. "यांना सापडली. कुठून आणलीस, विचारतायत. तुझं नाव नाही घेतलं. घेणारही नाही." मागून काकांचा आवाज चढला. फोन बंद.
जाऊन सांगावं, माझी आहे म्हणून. पण मग अभय, मंडळातल्या बायका, सासूबाईंपर्यंत जाईल... भित्री आहे मी.

२३ ऑगस्ट
सकाळपासून काकूंकडे फोन लावतेय. कोणी उचलत नाही. उचलला तर काय बोलणार, तेही ठरलेलं नाही.