पुडिंगवर पाळत

३ मार्च, सोमवार. सकाळ
ही आज बहिणीकडे गेली. आठवडाभर. कारण सांगितलं, बहिणीचा गुडघा. खरं कारण मी ओळखून आहे. माझी परीक्षा. लेकीचे दिवस भरत आलेत, तिच्याकडे तीन महिने जाऊन राहायचं हिच्या मनात आहे. पण तिकीट काढलेलं नाही. दारात चपला घालता घालता म्हणाली, आधी आठवडाभर तुम्ही एकटे कसे राहता ते बघू दे, मग ठरवते. मी म्हटलं, खुशाल जा, तीनच का, सहा महिने राहा, मला काय धाड भरलीय? ती माझ्याकडे जरा जास्तच वेळ बघत राहिली. नोंद केली.

जाताना घराची किल्ली शेजारच्या बाईंकडे दिली. झाडांना पाणी घालायला म्हणे. झाडं कोणती? एक मनीप्लँट आणि एक कोरफड. कोरफडीला पाणी घालायला किल्ली लागते, हे मी आयुष्यात प्रथमच ऐकतोय. बाईंना मी मनातल्या मनात दुर्बीण म्हणतो. उगाच नाही म्हणत.

दुपार
संकल्प: रोज पहाटे फिरणे. रोज शाळेतली एक कविता म्हणणे. जेवणासाठी कोणावर अवलंबून न राहणे. (डबा येतो. पण तो उघडून, वाढून घेणं सगळं मीच करतो.)

४ मार्च, मंगळवार
पहाटे फिरलो नाही. पहाट फार लवकर होती.

नुसतं जिवंत राहून दाखवलं तर काठावर पास. मला पहिला नंबर हवाय. लेकीने फोनवर एक व्हिडिओ पाठवलाय. काचेच्या भांड्यात तळाला केक, त्यावर संत्र्याचा रस, मग फळं, मग फेटलेलं क्रीम, पुन्हा केक. असे थर. गॅस लागत नाही. दुधाच्या पातेल्याच्या त्या प्रकरणापासून गॅसचं आणि माझं बोलणं नाही. रविवारी ही परत येईल तेव्हा टेबलावर पुडिंग हजर. तोंडात बोट घालेल.

लेक म्हणाली, बाबा, अगदी सोपं आहे. इथेच पाणी मुरतंय. आमचे गुरुजीही पेपर वाटताना सोपा आहे म्हणायचे. व्हिडिओतली मुलगी कारण नसताना हसते. क्रीम किती वेळ फेटायचं ते सांगत नाही, ‘थोडा वेळ’ म्हणते. लपवतेय.

५ मार्च, बुधवार
खरेदी केली. केक, द्राक्षं, संत्री, स्ट्रॉबेरी, क्रीमचे दोन डबे. डेअरीवाल्याने विचारलं, आजोबा, पाहुणे येणारेत का? याला काय करायचंय? कोणी विचारायला सांगितलं असेल?

जिन्यात दुर्बीण भेटल्या. पिशवीकडे बघून म्हणाल्या, काका, फळं वाटतं? मी म्हटलं, नाही, वर्तमानपत्रं. पिशवीतून द्राक्षाचा घोस लोंबत होता. पण बोललेला शब्द मी मागे घेत नाही.

फळं धुतली. चव पाहणं भाग होतं. आंबट निघाली तर सगळ्यावर पाणी. एका घोसात गोड-आंबट मिसळलेली असतात, म्हणून वेगवेगळ्या ठिकाणची चाखली. खिडकीत उभं राहून नावाड्याची कविता म्हटली. पाचवीच्या पुस्तकातली, लांबलचक. मन थेट त्या बाकावर जाऊन बसलं. शाईचा वास आला. परत आलो तर वाडग्यातली द्राक्षं निम्मी.

घरात दुसरं कोणी नाही. किल्ली मात्र बाहेर आहे.

६ मार्च, गुरुवार
सापळा लावला. फ्रिजच्या दारावर शिवणाचा काळा दोरा आडवा चिकटवला. फिरून आलो (गेटपर्यंत), दोरा तुटलेला! मध्ये एकदा मी पाणी प्यायला फ्रिज उघडला होता, पण मी हलक्या हाताने उघडतो.

स्ट्रॉबेरीही घटल्यात. आता पुरावा भक्कम आहे. दुर्बिणींना सहज विचारलं, आज काय गोडधोड खाल्लंत? म्हणाल्या, काका, मला डायबेटिस आहे. उत्तर फारच पटकन आलं. तयारच ठेवलं होतं.

हिचा फोन आला. जेवलात का, गोळ्या घेतल्यात का, कंटाळा येतो का? मी म्हटलं, कंटाळा? छे! घर कसं शांत आहे, कवितेला पोषक. ती म्हणाली, बरं. नुसतं बरं. हिच्या ‘बरं’मध्ये अख्खा धडा असतो.

फोन ठेवल्यावर शांतता जरा जास्त झाली. रेडिओ लावला.

७ मार्च, शुक्रवार
घात झाला. डेअरीवाल्याने फसवलं.

क्रीम फेटायला घेतलं. वेळ कसा मोजायचा? स्वयंपाकघरातलं घड्याळ ही मुद्दाम पुढे ठेवते, किती पुढे ते मला सांगत नाही. म्हणून मी हिशेब केला की नावाड्याची कविता एकदा संथपणे म्हटली की ‘थोडा वेळ’ होतो. फेटायचं यंत्र सुरू केलं, कविता सुरू केली. सातव्या कडव्यात नाव भोवऱ्यात सापडते, आणि तिथे मी अडलो. गुरुजींचा नियम: अडलं की पहिल्यापासून. मधूनच पुढे उडी मारणाऱ्याला ते बाकावर उभं करत. म्हणून पहिल्यापासून म्हटलं. पुन्हा भोवरा. पुन्हा पहिल्यापासून. नाव काही पलीकडे जाईना. भांड्यात मधे क्रीम छान फुगलेलं दिसलं होतं, पण कविता अर्धवट टाकणं मला जमत नाही.

शेवटी बघतो तर पिवळे गोळे आणि खाली पांढरं पाणी.

भांडं घेऊन तडक डेअरीत गेलो. म्हटलं, हे काय दिलंत? तो म्हणाला, मी क्रीम दिलं होतं, आजोबा, लोणी तुम्ही काढलंत. दुकानातली माणसं हसली. एक बाई म्हणाल्या, एवढं लोणी घरी निघतं तर आम्ही विकत कशाला घ्यायचं? मी मानेनेच निषेध केला आणि निघालो. सगळे एकमेकांना सामील आहेत. ब्रेड मात्र तिथूनच घ्यावा लागला. लोणी चांगलं होतं.

८ मार्च, शनिवार
क्रीमचा शेवटचा डबा. आज कविता नाही. तोंड मिटून फेटलं. लोणी होईल या धास्तीने लवकर थांबवलं. किंचित पातळ राहिलं. किंचित म्हणजे ओतता येत होतं.

थर रचले. केकला रस भरपूर पाजला. हात आखडता घेणं माझ्या स्वभावात नाही. केक विरघळला. त्यावर क्रीम ओतलं, ते केकच्या खाली गेलं. द्राक्षं तळाशी जाऊन बसली. स्ट्रॉबेरी उरलीच नव्हती (पाहा: गुरुवार). एकंदर एकच थर झाला, पण जाड झाला. वर दोन ओळीही सुचल्या:

थरावरी थर चढे, मधे फळांची शेज,
वाडग्यात या उतरले चांदण्याचे तेज.

पहिल्या ओळीचा भांड्यातल्या वस्तूशी तूर्तास संबंध नाही. थंडीने बसेल. थर बसायला वेळ लागतोच.

फ्रिजमध्ये ठेवलं. संध्याकाळी बागेत जाऊन बाकावर डोळे मिटून बसलो. येताना दुर्बीण आमच्याच दारातून बाहेर पडत होत्या. म्हणाल्या, कोरफडीला पाणी घातलं हो, काका. हाताला क्रीमसारखं काहीतरी लागलं होतं. पदराने पुसलं. रंगेहाथ पकडलं असतं, पण मला बाईमाणसाशी वाद घालायचा नव्हता.

९ मार्च, रविवार
विजय!

सकाळी फ्रिज उघडला आणि थक्क झालो. थर बसले! एकावर एक, रेघ मारल्यासारखे. क्रीम घट्ट. वर संत्र्याच्या फोडींचं फूल. फूल केल्याचं आठवत नाही, पण हात चालू लागला की मला भान राहत नाही. स्ट्रॉबेरीही दिसल्या, केकखाली दडून बसलेल्या वर आल्या असणार. भांड्याची नक्षी जरा वेगळी वाटते. गारठ्याने काच अशी दिसते.

तरीही दुर्बिणींनी काल एखादा चमचा ओरपलाच असणार. मोठ्या मनाने माफ केलं.

ही दुपारी आली. पिशवी ठेवायच्या आत तिला टेबलापाशी नेलं. तिने एक चमचा खाल्ला. दुसरा खाल्ला. विचारलं, कोणी केलं? मी म्हटलं, म्हणजे? घरात मी सोडून कोण आहे? ती म्हणाली, बरं. आणि वाटीभर घेतलं.

मग तोंड पुसलं, लेकीला फोन लावला आणि म्हणाली, काढ गं माझं तिकीट. तुझे बाबा राहतील. पुडिंग करण्यापर्यंत मजल गेलीय त्यांची.

पहिल्या नंबराने पास. पोटात गार गार वाटतंय. पुडिंग गारच होतं.

१० मार्च, सोमवार
तिकीट बुधवारचं आलं. इतकी घाई? लेकीला अजून तीन आठवडे आहेत. कोणीतरी घाई करवतंय.

मी खोकून पाहिलं. हिने आल्याचा रस दिला.

११ मार्च, मंगळवार
मोजे सापडत नसल्याचं मोठ्याने सांगितलं. तिने बॅग भरता भरता खण दाखवला. मग दूध गॅसवर ठेवून मुद्दाम बाहेरच्या खोलीत जाऊन बसलो. दूध उतू गेलं नाही. तिने गॅस बंद केला होता. वर म्हणाली, अहो, तिथे लक्ष ठेवून उभं राहायचं.

१२ मार्च, बुधवार
बसस्टँडवर सोडायला गेलो. वाटेत शब्दांची जुळवाजुळव केली. बस लागली तेव्हा सगळं एकदम सांगून टाकलं. म्हटलं, ते पुडिंग मी केलेलं नव्हतं. माझं बिघडलं होतं, साफ बिघडलं होतं. तेव्हा परीक्षा रद्द धर. मला एकट्याला नाही जमायचं.

ती हसली. म्हणाली, ठाऊक आहे. दुर्बीणच (हे नाव तिला कसं कळलं?) मला रोज फोन करून सगळं सांगायची. द्राक्षं, दोरा, लोणी, सगळं. शनिवारी तिने विचारलं, काकू, याचं काय करू? मीच म्हटलं, नवीन कर गं बाई, त्यांचं मन मोडायला नको.

मग तुला ते नापास वाटत नाही का, असं मी विचारलं. ती म्हणाली, अहो, नापास तर तुम्ही मी निघाले त्या सोमवारीच, दारातच झालात. पण लेकीला मी हवी आहे. आठवड्यात उपाशी राहिला नाहीत, घर जाळलं नाहीत, एवढं मला पुरे. गोळ्या विसरू नका.

बस गेली.

म्हणजे माझा संशय खरा होता. पाळत होती, किल्ली त्यासाठीच होती, दोघी सामील होत्या. अगदी सोळा आणे खरा.

आनंद व्हायला हवा होता.