रेखाची फ्रेंच मैत्रीण

१९ सप्टें., धाड
संपादकांचा फोन. फ्रान्सची गाजलेली पॉप-गायिका सोलांज भुलाबाईची गाणी ऐकायला आपल्या धाड गावात आलीय. रविवार पुरवणीसाठी तिचं चरित्र लिहा. आणली घरी. इंग्रजीत अकरा प्रश्न. उत्तरं: हो, नाही, चहा छान. आत बायको, रेखा, गल्लीतल्या पोरींना भुलाबाईची गाणी सांगत होती. बाई उठली, आत गेली. बारावा प्रश्न माझ्याकडेच राहिला.

२२ सप्टें.
रोज येते. माझ्याकडे नव्हे, रेखाकडे. आज उंबऱ्यात गाठून शार्दूलविक्रीडित म्हणून दाखवलं, यतीसकट. स्टँडवरची घोषणा ऐकावी तसं ऐकून आत गेली. आतून हसू. चोवीस वर्षांत माझ्या विनोदाला रेखा कधी... असो. षड्रिपूंत मत्सर शेवटचा. पाठशाळेत वाटायचं, क्रमानं येईल.

२९ सप्टें.
गाणी संपली की डबा वाजवून आतला खाऊ ओळखायचा. मी दरवर्षी चुकतो. सोलांजनं डबा कानाशी धरला, डोळे मिटले. "मुरमुरा. गूळ." बरोबर. मी म्हटलं, नवशिक्याचं नशीब.
रेखा: "नशीब कायचं? तिनं कान देला. तुम्ही नुसतं उत्तर देता."
पोरी हसल्या. वाक्य अग्रलेखात शोभण्यासारखं, विषय मी नसतो तर.

४ ऑक्टो.
चरित्र मिळालं. रेखाकडून. सतराव्या वर्षी पहिलं गाणं गाजलं, मैदानं भरली. गाणी नवरा लिहायचा, कोणतं गायचं तोच ठरवायचा. घटस्फोटात गाणी त्याच्याकडे गेली. हिनं गाणंच सोडलं. आता नवी रेकॉर्ड काढतेय. हे सगळं कोणत्या भाषेत कळलं, विचारलं. मोबाइल होता म्हणे, अन् हात. मग सहज सांगावं तसं:
"त्या रेकॉर्डसाठी गायाले मले बलावून राह्यली. दोन महिने."
विचारलं नाही, सांगितलं. विचारलं असतं तर 'जा' म्हणण्याचं मोठेपण तरी पदरात पडलं असतं.

११ ऑक्टो.
पासपोर्टचा अर्ज शेजारच्या मंदीनं भरला. गावाचे अर्ज मी लिहितो. हा दाखवलासुद्धा नाही. लेख अडलाय. पहिल्या परिच्छेदात सोलांज, दुसऱ्यात रेखा शिरते.

१८ ऑक्टो.
सोलांज परत गेली. रेखा येणार की नाही, आठवड्यात कळवायचंय. रेखानं मेथी निवडता निवडता विचारलं, तिथं थंडी किती असते. म्हटलं, असह्य, आवाज बसतात. (मला काय ठाऊक!)
"मंग तुमचं स्वेटर नेईन."
ते कोणत्या पेटीत आहे, मला माहीत आहे. अजून सांगितलेलं नाही.