डावी बाजू वर

प्रताप नगर, नागपूर
१४ सप्टेंबर २०२५

लाडकी दीप्ती,

जय भीम. आम्ही दोघंही बरे आहोत. ओसाकाच्या वृद्धाश्रमात त्या म्हाताऱ्यायले भरवता भरवता तू स्वतः जेवतेस ना?

तुझे बाबा तर अर्धे जपानी झाले. तुझी जुनी जपानी कार्टूनं हिंदीतून लावून बसतात, अन् जेवायच्या आधी वांग्याच्या भाजीले हात जोडून जपानीत काहीतरी पुटपुटतात. मी म्हटलं, वांगं मी रांधलं, हात मले जोडा.

हे वेड आता घराघरात गेलं वं. कॉलेजात त्या कार्टूनांचा मेळावा भरून राहिला, म्हणून वस्तीतल्या पोट्ट्या माझ्याकडेच जपानी झगे शिवून घ्यायले येतात. कार्टून पाहून कोणाचं पोट भरते, म्हणत होती मी. तू त्याच्यापायीच जपानी शिकली अन् तुझं भरलं, बाई.

पहिला झगा शेजारच्या मायाच्या रितिकाचा. लेडीज कपडा म्हणून मी उजवी बाजू वर घेतली अन् नाड्या लावल्या, ब्लाउजले करतो तसं. पोरीनं घातला अन् तोंडच उतरलं तिचं.

"काकू, तिकडे उजवी बाजू वर फक्त मेलेल्या माणसाले घालतात."

तसाच एक मोरपंखी झगा तुझ्यासाठी शिवून पार्सलात बांधला होता. तिथल्या तिथे पार्सल सोडलं, टाके उसवले. उसवता उसवता रडू आलं. माझी पोरगी जिथं राहते तिथं काय शुभ, काय अशुभ, एवढंही मले ठाऊक नाही.

मागच्या रविवारी तू विचारलं, 'आई, अजून तीन वर्षं राहू का?' कुकरची शिट्टी झाली म्हणून मी फोन ठेवला. कुकर लावलाच नव्हता. माझं मन नाही म्हणत होतं, अजूनही म्हणते. फोनवर बोलली असती तर रडली असती, म्हणून हे लिहून राहिली. तुझं मन तिथं लागलं, ते तुझ्या आवाजावरून समजते मले.

राहा तू.

झगा आता बरोबर आहे, डावी बाजू वर. रितिकानं दोनदा पाहिला. सोबत पांढरी साडी ठेवली. दसऱ्याले आम्ही दीक्षाभूमीवर जाऊ तेव्हा तू तिकडे नेस. पदर डाव्या खांद्यावर येते, ते मले कोणाले विचारा लागत नाही.

रविवारी फोन कर. शिट्टी होणार नाही.

तुझी वाट तर पाहणारच,
आई