राहिलेलं बटण

प्रिय मावशी,

आधी माझी तक्रार ऐक. जग बदलायला निघालेल्या आम्हा सगळ्यांत मिळून सुई एकच, आणि तिचंही नेढं तुटकं. बंदुका तेल पाजून चकाचक. पण पँटचा टाका उसवला की क्रांती एका हाताने कंबर धरून चालते. बैठकीत हा विषय काढला, तर आमचे पुढारी मास्तर म्हणाले, "ताई, हे क्षुल्लक आहे." त्यांचा सदरा कोण शिवतं, ते विचार!

तुझ्या लाँड्रीतून पहारेकऱ्याचा गणवेश मीच उचलला, हे तू केव्हाच ओळखलं असशील. तो घालून आमच्या माणसाला शस्त्रागारात शिरायचं होतं. तुझ्या रीतीप्रमाणे पितळी बटणं धुण्याआधी काढून चिंधीत बांधलेली होती. ती मी इथे लावत बसले, तुझ्यासारखाच खाली दोऱ्याचा वेढा देऊन. शेवटच्या बटणाला सुईने दगा दिला. आमचा माणूस तसाच गेला, काम फत्ते केलं आणि पळताना गणवेश भिंतीपाशी टाकून आला. कॉलरमध्ये तू दोऱ्याने घातलेला गिऱ्हाइकाचा नंबर सरकारी लोकांना सापडला. आता म्हणे, पहारेकरी फितूर, शुक्रवारी गोळी.

तोच गं, "इस्त्री अशी मारा की बायकोने सलाम ठोकला पाहिजे" म्हणणारा. गणवेश लाँड्रीत होता म्हणून तो घसा फोडून सांगतोय. आणि तू सांगितलंस, त्याने तो कधीच नेला. कुणासाठी सांगितलंस, ते कळतं मला.

मास्तरांना हे सांगितलं तर खूश! "त्यांचा माणूस तेच मारतायत, आपली गोळी वाचली." सगळे हसले. मावशी, माझंही तोंड हसायला उघडलं होतं. बाबांना चौकशीला नेलं नि परत आणलं नाही, तेव्हा त्या कचेरीतही कुणी असंच हसलं असेल. त्या हसण्यावर चिडून मी इथे आले, तर ते इथे आधीच मांडी घालून बसलेलं! आणि हे सगळं म्हणे जनतेसाठी. मग तो पहारेकरी काय आभाळातून पडला?

लढा खोटा आहे असं मी आजही म्हणणार नाही. म्हणून आमची माणसं निसटेपर्यंत थांबले. आज सगळे इथून हलले. कुठे जाताय, हे मी मुद्दाम विचारलं नाही. माहीत नाही ते मारूनही काढता येत नाही.

पत्र पोचेल तेव्हा मी त्याच कचेरीत असेन, गणवेश मी चोरला हे सांगायला. तुला विचारलं तर सांग, "गणवेश नेला म्हणाले, ते गिऱ्हाइकांच्या गर्दीत माझं चुकलं." रडत बसू नकोस, कुणाचा तरी शर्ट जळेल. त्या गणवेशावर एक जागा रिकामी आहे, आणि बटण माझ्या मुठीत. ज्याचं त्याला देऊन टाकते.

तुझीच,
मिरची