फ्लॅश पॉइंटचा नेमका अर्थ

१ जानेवारी १९६२, सोमवार. दौंड. सकाळी ६.१०
नवी रोजनिशी. गेल्या वर्षीच्या रोजनिशीची चौदा पाने भरली होती. उरलेल्या पानांच्या चिठ्ठ्या करून सौ.ने लोणच्याच्या बरण्यांवर चिकटवल्या. यंदा वही कुलपात.

३१ मार्च रोजी मला पंचावन्न पूर्ण होतात. कंपनीच्या नियमाप्रमाणे त्या दिवशी निवृत्ती. मात्र लायक माणसास एक वर्षाचे एक्स्टेन्शन. दौंडच्या तेल डेपोत लायक माणूस कोण, हे डेपो सुपरिंटेंडेंटनेच लिहिणे प्रशस्त नव्हे. परंतु ही वही माझ्याखेरीज कोणी वाचणार नाही. म्हणून लिहितो: मी.

३ जानेवारी
मुंबईचे सर्क्युलर आले. डेपोतील सुरक्षेचे फलक यापुढे मराठीत हवेत. मसुदे मागवले आहेत. संधी चालून आली. इतर डेपो 'विडी ओढू नये' असे काहीतरी पाठवतील. मी मुळाशी जाणार. घासलेटाची सुरक्षितता ज्यावर ठरते तो फ्लॅश पॉइंट. त्याचा नेमका अर्थ आणि शुद्ध वापर या भागात एकालाही ठाऊक नाही. सविस्तर पुस्तिका लिहिणार. पाने चौसष्ट. मुदत ३१ जानेवारी.

४ जानेवारी
अज्ञानाची पाहणी केली. अयुब पंपमन डेपोत सव्वीस वर्षे आहे. विचारले, फ्लॅश पॉइंट म्हणजे काय? म्हणाला, "भडक्याचा आकडा, सायेब." त्यास समजावले की भडका निराळा. तेल हळूहळू तापवावे. वर वाफ जमते. त्या वाफेला बारीक ज्योत दाखवावी. ज्या अल्पतम तापमानाला वाफ क्षणभर पेटून विझते, तो फ्लॅश पॉइंट. पेटून पेटतेच राहिले तर तो फायर पॉइंट, तो वेगळा. अयुब म्हणाला, "मंग मी काय म्हनलो?"

अशा माणसांबरोबर मी सव्वीस वर्षे काढली आहेत.

९ जानेवारी
शिरूरच्या खरेदी-विक्री सोसायटीचे चेअरमन हौसराव घासलेटाच्या गाडीबरोबर आले होते. बागायतदार माणूस, गावोगावच्या दुकानांना घासलेट यांच्याचमार्फत जाते. सांगत होते, "आमी लोकांना सांगतो, आपलं घासलेट हाय फ्लॅशचं, लई जोरात पेटतंय." मी बसल्या जागेवरून उठलो. आकडा जितका वर तितके तेल पेटायला नाखूष, म्हणजेच घरात सुरक्षित. पेट्रोलचा आकडा इतका खाली की थंडीतही त्याची वाफ पेट घेते. 'हाय फ्लॅश' ही स्तुती खरी, कारण खोटे. हौसराव म्हणाले, "म्हंजी लोकांना सांगायचं का, आमचं घासलेट पेटतच न्हाई?"

पुस्तिकेत या गैरसमजावर स्वतंत्र प्रकरण.

१४ जानेवारी, संक्रांत
शब्दाचा विचार. 'प्रस्फुरणबिंदू' पुसट वाटतो. 'क्षणस्फुरणांक' बरा. 'क्षणदीप्त्यंक' सर्वोत्तम: क्षण, दीप्ती, अंक, तिन्ही गोष्टी आल्या, एकही अक्षर वाया नाही. सौ.स उच्चारायला सांगितले. तिसऱ्या प्रयत्नाला तिने तोंडात तिळगूळ टाकला.

तिला अर्थ विचारला असता म्हणाली, एकदा भप्पकन पेटायचे आणि लगेच विझायचे, मागच्या वर्षीच्या तुमच्या सूर्यनमस्कारांसारखे. उदाहरण अशास्त्रीय आहे. तापमानाचा उल्लेखच नाही.

३१ जानेवारी
पुस्तिका: प्रस्तावना पूर्ण. (पाने दोन.) विलंबाचे कारण थंडी. बोटे आखडतात.

११ फेब्रुवारी, रविवार
विषयाला न्याय द्यायचा तर पुस्तिका हे दुय्यम साधन होय. प्रात्यक्षिक हवे. कंपनीचे डिव्हिजनल मॅनेजर डिमेलोसाहेब १७ मार्चला शिरूरच्या दुकानदारांच्या सभेला येणार आहेत. तेथे सर्वांसमक्ष आपल्या घासलेटाचा क्षणदीप्त्यंक मोजून दाखवणार. साहेब खूष, दुकानदार शहाणे, एक्स्टेन्शन खिशात. मोजण्याचे यंत्र मुंबईहून मागवले.

सौ.ने विचारले, एक्स्टेन्शन मिळाले नाही तर काय करायचे. या प्रश्नाला आधार नाही, असे सांगितले. ती म्हणाली, आधार नसतो म्हणूनच विचारायचे असते. दिवसभर घरात बसून माझ्या डब्यांवर मराठी नावे चिकटवणार असाल तर आधीच सांगा.

२६ फेब्रुवारी
यंत्र आले. पितळी कप, त्यावर घट्ट झाकण, झाकणात थर्मामीटर, आणि वाफेत क्षणभर बुडणारी मोहरीएवढी ज्योत. भोवती गरम पाण्याचे भांडे. यंत्र जुने, पण माझ्याप्रमाणेच काटेकोर. कपाला मेण लागले होते. पेट्रोलने धुतला. लख्ख.

५ मार्च
डेपोत तालीम. घासलेट १०७ अंश फॅरेनहाइटला क्षणभर पेटून विझले. उत्तम. विझताना मी टाळी वाजवली, अयुबने पाहिले.

तो म्हणाला, एवढा खटाटोप कशाला. त्याने तळहातावर चार थेंब घेतले. "गार लागून उडालं तर पेट्रोल. तेलकट ऱ्हायलं तर घासलेट. हे घासलेट हाय." मी विचारले, आणि अंश किती? म्हणाला, "हाताला अंश नसत्यात, सायेब." पुस्तिकेसाठी हे वाक्य उतरवून घेतले: अडाणीपणाचा नमुना क्रमांक चार.

१२ मार्च
पुस्तिकेऐवजी एकच पान छापून दुकानदारांस वाटावे असे ठरवले. सार तेवढेच महत्त्वाचे.

१६ मार्च, शुक्रवार. दुपारी ४
उद्याची तयारी पूर्ण. छापील पान तयार नाही. दोष छापखान्याचा, मजकूर दिला असता तर त्याने वेळेवर छापला नसता.

कप पेट्रोलने धुतला. एकदा नव्हे, तीनदा. माझ्या कोटावरचे डाग मी पेट्रोलनेच काढतो. इतकी स्वच्छता दुसऱ्या कशाने येत नाही. मग धुण्याच्या त्याच पेट्रोलने ओल्या फ्लॅनेलच्या फडक्यात कप गुंडाळला, म्हणजे वाटेत धूळ बसायला नको, झाकण लावले आणि पेटी बंद केली. अयुब दारात उभा होता. म्हणाला, "सायेब, ज्याची परीक्षा घ्यायची त्याच्यानंच कप इसळायचा आस्तो. घासलेटानं इसळा." मी विचारले, हे कोणत्या पुस्तकात आहे? म्हणाला, पुस्तकाचे माहीत नाही, डबे भरताना आम्ही तेच करतो. मी त्यास सांगितले की मी बी.कॉम. आहे.

तो गेला. जाताना पेटीकडे पाहत होता. हेवा.

१७ मार्च, शनिवार. शिरूर, सोसायटीचे ऑफिस. सायंकाळी ५.४०
घटना क्रमाने लिहितो.

११.०० सभा सुरू. हजर: डिमेलोसाहेब, हौसराव, दुकानदार चाळीस. तळेगाव ढमढेऱ्यापासून वडगाव रासाईपर्यंतचे सर्व. पिंप उतरवायला अयुब आलेला.

११.१० माझे भाषण. क्षणदीप्त्यंक हा शब्द सात वेळा उच्चारला. हौसराव साहेबांच्या कानाशी लागून, परंतु सर्वांना ऐकू जाईल असे म्हणाले, "आता घासलेटाचं बारसं जेवूनच जायचं."

११.५० पेटी उघडली. कप बाहेर काढला. पुसला नाही, स्वच्छच होता. पिंपातले घासलेट ओतले. झाकण लावले. खोलीचे तापमान ८८. मी जाहीर केले की १०७ पर्यंत काहीही होणार नाही, तेव्हा सर्वांनी बिनधास्त पुढे यावे. आले.

११.५४ पाणी तापवण्यापूर्वीच सवयीने ज्योत एकदा बुडवून पाहिली. भप्प!

पुन्हा बुडवली. पुन्हा भप्प. वडगावचा एक दुकानदार थेट बाहेरच्या एस.टी.त जाऊन बसला.

या क्षणी सामान्य माणूस गोंधळला असता. मी नियम पाळला. निष्कर्ष एकच: घासलेटात पेट्रोल मिसळले आहे. ही गोष्ट झाकली असती तर घराघरांत स्टोव्ह भडकले असते. साहेबांसमक्ष खडूने पिंपावर 'धोका' लिहिले आणि दौंड डेपोतून होणारे वाटप तत्काळ बंद करण्याची तार केली. खाली माझीच सही.

साहेबांनी विचारले, तुमच्याच डेपोचे ना हे? मी म्हणालो, होय, म्हणूनच मी अधिक कठोर आहे.

अयुबने पिंपातले चार थेंब हातावर घेतले. "घासलेट चोख हाय, सायेब. कपाचा वास घ्या." वास हे शास्त्र नव्हे, असे मी त्यास सर्वांदेखत सुनावले. साहेबांनी मात्र कप उचलून नाकाशी नेला. पेटीतले फडके दोन बोटांत धरून खिडकीबाहेर टाकले.

एकंदरीत साहेब माझ्या सडेतोडपणाने प्रभावित झाले असावेत.

२० मार्च, होळी
वाटप बंदच. नमुना तपासायला मुंबईस गेला आहे. शिरूरहून निरोप: अर्ध्या तालुक्यात दिवे नाहीत. हौसराव स्वतः आले आणि फाटकातूनच ओरडले, "सायेब, बायाबापड्यांनी घरात काय तुमचा अंक लावून बसायचं व्हय?" अंक लावता येत नाही, तो मोजायचा असतो. हे त्यांना सांगेपर्यंत जीप निघून गेली.

२३ मार्च
मुंबईचा अहवाल. घासलेट शुद्ध. फ्लॅश पॉइंट १०८. शेरा: 'चाचणीचा कप पेट्रोलने दूषित असावा.'

'असावा' हा शब्द संशयवाचक आहे. चार पानी उत्तर पाठवले. शिवाय माझ्या तालमीच्या आकड्यात आणि त्यांच्या आकड्यात फक्त एका अंशाचा फरक! म्हणजे माझे मोजमाप अचूकच. हा मुद्दा अधोरेखित केला.

२७ मार्च
विचारांती असे वाटते की साहेबांना हवा असलेला निर्भीड माणूस मीच. पत्र येईल.

२९ मार्च
टपाल: काही नाही. पोस्टमनचा ढिसाळपणा.

३१ मार्च, शनिवार
पत्र आले. सेवेबद्दल आभार. एक्स्टेन्शनचा उल्लेख नाही. दोनदा वाचले, मागची बाजूही पाहिली.

निरोपसमारंभात शाल व नारळ. हौसरावांनी भाषणात 'सायबांनी आम्हाला अंधारात ठेवलं न्हाई, पाच दिस सोडून' असे म्हटले. हशा बराच वेळ चालला.

नवा फलक लागला आहे. मुंबईने माझा मागाहून धाडलेला मसुदा (ओळी एकोणतीस) नामंजूर करून साहेबांनी अयुबकडून ऐकलेल्या दोन ओळी रंगवल्या: 'घासलेटात पेट्रोल मिसळले तर भडका. डबा घासलेटानेच विसळा.' फ्लॅश पॉइंट हा शब्दच नाही. व्याख्या नाही. अल्पतम तापमान नाही. फलक लोकांना मात्र समजतो. हीच खरी चिंतेची बाब.

नवा सुपरिंटेंडेंट येईपर्यंत टाकीच्या किल्ल्या अयुबकडे. उद्यापासून पुस्तिकेला पूर्ण वेळ.

१ एप्रिल
विश्रांती.

७ एप्रिल, शनिवार. सायंकाळी ६.२०
शनिवारी डेपोच्या दाराशी किरकोळ घासलेट मिळते. इतकी वर्षे आमचा डबा परस्पर घरी येई. आज सौ.ने तो माझ्या हातात दिला. रांगेत उभा राहिलो. अठरावा नंबर.

पुढे रेल्वे चाळीतली कुशाबाई. तिने फलकाकडे बोट करून अयुबला विचारले, हे भडक्याचे काय लिहिले आहे. अयुब ओतता ओतता सांगू लागला, "मावशे, तेल तापलं की वर वाफ जमती. तिला ज्योत दावली की भप्प व्हतं आन् इझतं. किती तापल्यावर व्हतं, तो त्याचा आकडा. जेवढा वर, तेवढं तुझं घर शाबूत. पेट्रोलचा थेंब जरी पडला तरी आकडा खाली." रांग गप्प बसून ऐकत होती. माझ्या भाषणाला कोणी गप्प बसले नव्हते.

'अल्पतम' हा शब्द राहिला. बाकी व्याख्या पूर्ण होती. मी मनात तपासली. दुसरी चूक सापडली नाही.

माझा नंबर आला. अयुबने डबा घेतला, झाकण काढले आणि ओतता ओतता थांबला. नाक डब्याशी नेले. मग अगदी हळू, आदराने विचारले, "सायेब, डबा कशानं धुतलाय?"

मी म्हणालो, लख्ख आहे. कुशाबाई भरलेला डबा उचलून दोन पावले लांब सरकली.

"चार दिस उन्हात उपडा ठेवा," अयुब म्हणाला. "मंग या. मी हायेच."

डबा अंगणात उपडा ठेवला आहे. आमच्या आळीत विजेचे खांब आले आहेत, तारा नाहीत. सौ.ने कंदिलाची काच पुसून ठेवली आहे. कंदिलात तेल नाही. म्हणून ही नोंद उजेड आहे तोवर संपवतो.