गाडीला लांब न्यावं लागतं

ढाणकी,
७ जानेवारी २०२४

चि. पुंडलिक यास,
विमलताईचे अनेक आशीर्वाद आणि जयभीम. वि. वि.

पत्र लिहिण्यास कारण दोन. एक तुझ्या भाच्याचं, एक माझं.

भाच्याचं आधी सांगते, नाहीतर तो पाठीशी उभा राहून वाचत राहते. इंद्रजितले तुझ्यासारखी उंच डिझेल गाडी घ्यायची आहे. कृषी केंद्र दोन हंगाम बरं चाललं तर डोक्यात हवा गेली. घर ते दुकान जेमतेम एक किलोमीटर, आणि गाडी पायजे अख्खं खानदान बसणारी. मी म्हटलं, मामाले विचार. तर म्हणते, आई तूच लिही, मामा तुझ्या पत्राले उत्तर देते अन् माझ्या मेसेजले नुसता आंगठा दाखवते. तर कळव. गाडी भरवशाची आहे का, आणि खाते किती.

माझं कारण तुझी पंचफुला. केमोचे सहा डोस संपले असं तू दिवाळीत लिहिलं. पुढचं काहीच लिहिलं नाही. फोन करू नको. कानाचं यंत्र लावलं की तुझा आवाज पिठाच्या गिरणीतून आल्यासारखा येते. मोबाइलवरची अक्षरं मले मुंग्यावाणी दिसतात. कागदावर लिही, मोठं लिही.

गाडी अजून बनियननेच पुसतं का? पंचफुलाले म्हणावं, तुझ्याहून गाडीचे लाड जास्त.

मायेत खंड पडू देऊ नको.

तुझी,
विमलताई


मारेगाव,
१८ जानेवारी २०२४

ती. विमलताईच्या चरणी,
पुंडलिकचा सविनय जयभीम. वि. वि.

इंद्रजितच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो. ते सोपं आहे.

गाडी भरवशाची आहे. निवृत्तीच्या पैशातून घेतली तेव्हा वीज मंडळातले सोबती हसले होते, लाइनमनचा जन्म खांबावर गेला म्हणून याला गाडीही उंच लागते. हसू दे. सगळा पावसाळा ती दर तीन आठवड्यांनी नागपूरला गेली आणि आली. करंजीला हायवे धरायचा, मग वडकी, वर्धा नदीचा पूल, हिंगणघाट, जाम, नागपूर. एकदाही रस्त्यात उभी राहिली नाही. एकदा परतताना पंचफुलाला सारखी ओकारी होत होती. पाऊस होता. जिथे म्हटलं तिथे थांबवली, पुन्हा सुरू केली. गाडीने कुरकुर केली नाही. मी केली. दवाखान्यातला खुर्ची ढकलणारा माणूस आता आमची गाडी दुरून ओळखतो आणि न विचारता खुर्ची डाव्या दाराशी आणून लावतो.

खर्चाचं असं आहे. हायवेला लिटरमागे एकोणीस किलोमीटर देते, गावात तेराही नाही. सर्व्हिसिंग पेट्रोलच्या गाडीपेक्षा महाग पडते. डिझेल परवडतं ते लांब जाणाऱ्याला.

एक खोड मात्र आहे. नव्या डिझेल गाडीत धूर गाळायची डबी असते. काजळी तिच्यात साचते. गाडी लांब, एका चालीने धावली की डबी तापते आणि काजळी आतल्या आत जळून जाते. घर ते बाजार, बाजार ते घर केलं की साचतच राहते. दिवाळीनंतर आम्ही नागपूरला गेलो नाही. डिसेंबरात समोर पिवळा दिवा लागला. वणी रोडवर डोंगरसिंगचं गॅरेज आहे. तो म्हणाला, काका, ही घोड्याची जात आहे, बांधून ठेवली की पोट धरते. औषध नाही, दौडवा.

आता तुझं कारण. डॉक्टरीणबाईंनी मला सांगितलं होतं की औषधाची दुसरी फेरी देता येईल. पंचफुला नाही म्हणाली. कारण विचारलं तर म्हणाली, अंगणवाडीत तीस वर्षं लेकरांना सुईसाठी धरून ठेवलं, आता मले कोणी धरू नका.

पण पिवळ्या दिव्याचं ऐकून तिला वाईट वाटलं. दवाखान्यात येणार नाही, गाडीसाठी येते, म्हणाली. रविवारी निघालो. दवाखान्याची फाईल आणि सिटी स्कॅनचं मोठं पाकीट मी तिच्या सीटखाली सरकवून ठेवलं, न जाणो. वर्धा नदीचा पूल ओलांडला तशी म्हणाली, झालं ना, फिरवा आता. पुढच्या फाट्यावरून फिरवली. दिवा तोवर विझला होता. तिला सांगितलं नाही. सांगितलं की अजून चारदोन चकरा लागतील.

तब्येत सांभाळ. लोभ आहे तो राहू दे.

तुझा,
पुंडलिक


ढाणकी,
२ फेब्रुवारी २०२४

चि. पुंडलिक यास,
अनेक आशीर्वाद आणि जयभीम.

लहानपणी पेरू चोरले की तुझे कान लाल व्हायचे, त्याच्यावरून मी ओळखायची. आता आजारी बायकोशी खोटं बोलून राह्यला, कान पाहायले मी तिथं नाही.

तरी सांगते, खोटं चालू ठेव. पुलावर नको थांबू. जामपर्यंत ने. जामच्या चौरस्त्यावर संत्र्याचे ढीग असतात, तिले दाखव. एकदा जामले पोचली तर नागपूर कितीसं राहते? बाई माणूस रस्त्याले लागलं की नरमते. फाईल मात्र घरी विसरू नको.

इंद्रजित विचारते, ती डबी काढून फेकता येत नाही का. मी म्हटलं, तुझ्या डोक्यातली आधी काढ.

पंचफुलाले माझा जयभीम. तिच्या पायाले रात्री तेल लावून देत जा. आठवण ठेवावी.

विमलताई


मारेगाव,
११ मार्च २०२४

ती. विमलताईच्या चरणी,
सविनय जयभीम. वि. वि.

तुझं ऐकलं. आता दर रविवारी जामपर्यंत जातो. पंचफुला सकाळीच विचारते, गाडीचं दुखणं आज कसं आहे. मी म्हणतो, आहे अजून. ती रुमाल बांधते, पाण्याची बाटली घेते. सीट मागे पाडून देतो. जामला चहा घेतो. ती अर्धा कप पिते, तेवढा तरी पोटात राहतो. संत्रीवाल्याशी घासाघीस करते आणि ठरलं की घेत नाही. तो चिडतो. ती हसते. मग म्हणते, फिरवा आता.

एकदा तिला जामच्या अलीकडे झोप लागली. मी थांबलो नाही. तशीच पुढे नेली. बुटीबोरीची पाटी आली तेव्हा तिने डोळे उघडले. पाटी वाचली. हात लांब करून स्टिअरिंगवर, माझ्या हाताशेजारी ठेवला. मी फिरवली. त्या दिवशी गाडीने लिटरला वीस दिले. आजवरचा सगळ्यात चांगला आकडा.

टोल कापला की मेसेज निशिगंधाच्या फोनवर जातो, हैदराबादला. तिला वाटलं, उपचार पुन्हा सुरू झाले. फोनवर रडली, बाबा, तुम्ही आईला तयार केलं म्हणाली. मी हो म्हटलं नाही. नाही असंही म्हटलं नाही.

बुटीबोरीपर्यंत गेलो म्हणजे पुढेही जाऊ. वजन फार उतरलं आहे, पण मन वळेल. तू म्हणतेस तसं.

आशीर्वाद असू दे.

पुंडलिक


मारेगाव,
८ एप्रिल २०२४

ती. विमलबाई यांस,
पंचफुलाचा सप्रेम जयभीम. वि. वि.

पडून लिहिते आहे, अक्षर उतरणीला लागेल, वाचून घ्या. हे बाजारात गेले आहेत. हे पत्र शेजारच्या लेकीजवळ टपालात टाकायला देते. यांना दाखवू नका.

बाई, गाडीला काही झालेलं नाही. दिवा पहिल्याच रविवारी विझला, पुलाच्या अलीकडे. मी त्याच्याकडेच पाहत होते. यांना वाटतं मला गाडीतलं कळत नाही. पुढे डोंगरसिंग घरी बॅटरीला पाणी टाकायला आला तेव्हा मी विचारलं. तो हसला, काकू, गाडी चकाचक आहे, तुम्ही ठीक व्हा. फाईल सीटखाली आहे तेही मला ठाऊक आहे. पाय मागे घेतला की पाकीट टाचेला लागतं.

दिवाळीत हे गाडी फाटकाशी आणायला गेले तेव्हा मी डॉक्टरीणबाईंना विचारलं, दुसऱ्या फेरीने मला काय मिळेल. त्या भल्या. म्हणाल्या, थोडे महिने मिळतील, पण बहुतेक इथेच, या खाटेवर. तेवढ्यात यांनी हॉर्न वाजवला. मी यांना सांगितलं नाही. सांगितलं तर हे म्हणतील, महिने तर महिने. आणि मग मला नाही म्हणता येणार नाही.

मग मी रविवारी का जाते, विचाराल. घरी हे पंख्याखाली बसून माझ्याकडे पाहत राहतात. भिंतीकडे तोंड केलं तरी पाठीला कळतं. गाडीत यांना समोर पाहावं लागतं. गाडीत हे गुणगुणतात. यांना माहीत नाही, पण गुणगुणतात. तेवढ्यासाठी मी जामपर्यंत जाते, हाडं दुखली तरी. आता फार दुखतात. बुटीबोरीच्या दिवशी मी झोपले नव्हते. म्हटलं पाहू, माणूस कुठवर जातो.

दोन गोष्टी मागते. माझ्यामागे हे गाडी झाकून ठेवतील. तसं होऊ देऊ नका. तेव्हा खराच दिवा लागेल. आणि इंद्रजितला सांगा, ज्याला लांब जायचं नाही त्याने डिझेल घेऊ नये.

तुमच्या हातची अंबाडीची भाजी आठवते. माझ्यावरची माया कमी होऊ देऊ नका.

तुमची,
पंचफुला


ढाणकी,
१७ एप्रिल २०२४

चि. पुंडलिक यास,
आशीर्वाद आणि जयभीम.

फाईल घरी विसरू नको, असं मीच लिहिलं होतं. आता लिहिते, सीटखालून ती काढ आणि घरात ठेव. पाकिटासहित. पंचफुलाले पाय मागे घेता येत नाहीत.

काहून म्हणून विचारू नको. तुले समजलं असेल.

विमलताई


मारेगाव,
६ मे २०२४

ती. विमलताईच्या चरणी,
सविनय जयभीम.

तुझं पत्र आलं. मी ते बऱ्याचदा वाचलं. पाय मागे घेता येत नाहीत, हे मला रोज पाय दाबून दिसलं नाही आणि तुला ढाणकीहून दिसलं, म्हणजे ते तुला कोणी सांगितलं हे उघड आहे. मी तिला विचारलं नाही.

फाईल काढून कपाटावर ठेवली. रविवारी तिने विचारलं नाही की गाडीचं दुखणं कसं आहे. मीच म्हटलं, चल, नुसतं जाऊ. तिला उचलून बसवलं. उचलायला जोर लागत नाही आता. ती बसली, पाय मागे घेतले, थोडी थांबली. मग ते पोटाशी घेऊन कुशीवर झाली. माझ्याकडे तोंड करून. वडकी जाईपर्यंत पाहत होती. मी समोर पाहत होतो.

जामच्या चौरस्त्यावर तिने फिरवा म्हणण्याआधी मी फिरवली.

ती म्हणाली, आज चहा नाही का. मग थांबवली. दोन घोट घेतले. संत्री संपली होती, हंगाम गेला.

निशिगंधाला खरं काय ते सांगितलं. ती येते आहे.

तू सांगितलंस ते बरं केलंस. लोभ ठेव.

पुंडलिक


ढाणकी,
१४ जुलै २०२४

चि. पुंडलिक यास,
आशीर्वाद आणि जयभीम.

पंचफुलाच्या पुण्यानुमोदनाहून परतले त्याले महिना झाला. तुझं एकही पत्र नाही. भंतेजींनी वंदना म्हटली ती मले ऐकू आली नाही, पण तुझे ओठ हलत नव्हते ते दिसलं.

अंगणात गाडी ताडपत्रीखाली होती. तशीच आहे का? पंचफुलाने माझ्याजवळ शब्द मागून ठेवला आहे की ती झाकून ठेवू देऊ नका. गाडी घेऊन ढाणकीले ये. रस्ता लांब आहे, म्हणून तर म्हणते. एका भाजीपुरती अंबाडी राखून ठेवली आहे.

इंद्रजितने गाडीचा नाद सोडला. मामीचं सांगणं त्याले वाचून दाखवलं. दुकानामागे जाऊन उभा राह्यला बराच वेळ.

वाट पाहते.

विमलताई


मारेगाव,
५ ऑगस्ट २०२४

ती. विमलताईच्या चरणी,
पुंडलिकचा सविनय जयभीम. वि. वि.

उशीर झाला. तुझं पत्र आल्यावर ताडपत्री काढली. बॅटरी उतरली होती. डोंगरसिंगने सुरू करून दिली. दुकान, दूध, टपाल, एवढंच फिरलो आणि आठवड्यात पिवळा दिवा लागला. या वेळी खरा. डोंगरसिंग म्हणाला, काका, लांब न्यावी लागेल. मग स्वतःच खाली पाहत राहिला.

काल रविवार होता. निघालो. तिची सीट मागे पाडलेली होती, ती सरळ केली नाही. पुलावर दिवा होता. हिंगणघाटला विझला. म्हणजे काम झालं होतं. जामला वेग कमी केला, चौरस्त्याशी डावीकडे घेतली आणि थांबलो. मागून ट्रकवाल्याने हॉर्न दिला. कोणी फिरवा म्हटलं नाही. मे महिन्यात न सांगता फिरवली होती. काल जमलं नाही. पुढे गेलो.

बुटीबोरी गेली. नागपूर आलं. दवाखान्याच्या फाटकातून आत घेतली आणि नेहमीच्या जागी उभी केली. खुर्ची ढकलणाऱ्या माणसाने दुरून गाडी पाहिली. हात वर केला. खुर्ची आणली, डाव्या दाराशी लावली, ब्रेक ओढला आणि दार उघडलं. त्याने सीट पाहिली. वाकून मागची सीट पाहिली. मग माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, गाडीला लांब न्यावं लागतं.

त्याने दार हळू लावलं. खुर्ची फिरवून घेऊन गेला.

संध्याकाळी निशिगंधाचा फोन आला. टोलचे मेसेज अजून तिच्याकडेच जातात. बाबा, नागपूरला सोबत कोण होतं, इतकंच विचारलं.

इंद्रजितला सांग, गाडी भरवशाची आहे. जाताना कुठे अडत नाही. काल एकोणीस दिले.

येत्या रविवारी ढाणकीला निघतो. रस्त्यावर उभी राहा आणि गाडी दिसली की मोठ्याने थांब म्हण. तुला ऐकू येत नाही, मला येतं. तेवढी माया कर.

तुझा,
पुंडलिक