पुंजाजींच्या दुसऱ्या सागाबाबत

सोबत जोडले आहे:
एसटीचे तिकीट, चिखली ते जळगाव जामोद.
सागाची साल, प्लास्टिकच्या पिशवीत.
रेशनकार्डाची झेरॉक्स, शालूबाईंच्या नावावर रेघ मारलेली.
कॅमेऱ्याचे कार्ड, त्यात दोन सकाळींचे चित्रण.

प्रति,
मा. वनपरिक्षेत्र अधिकारी,
निंबपाणी वनपरिक्षेत्र, जि. बुलढाणा

अर्जदार: अनुपमा अर्जुनराव भुतेकर, माहितीपट दिग्दर्शक, रा. उंद्री, ता. चिखली

विषय: वनगुन्ह्यात पुंजाजी कास्देकर यांच्याऐवजी अर्जदारास आरोपी करणेबाबत.

संदर्भ: अर्जदाराचे यापूर्वीचे तीन अर्ज. लेखी उत्तर नाही.

महोदय,

१. अर्जदार दोन वर्षांपासून सातपुड्याच्या पायथ्याच्या कोरकू वस्तीवर माहितीपट करत आहे. वस्तीत माणूस मेले की त्याच्या नावाचा सागवानी खांब कोरून, वर चंद्र-सूर्य काढून, गावाबाहेर उभा करतात. फेब्रुवारीत वस्तीतील पुंजाजींनी दिवंगत पत्नी शालूबाईंसाठी असा खांब करायला घेतला. लाकूड वादळात नाल्यात पडलेल्या सागाचे होते. त्याला आपल्या वनरक्षकांचीही हरकत नव्हती.

२. ते तोडतानाचे चित्रण अर्जदाराने केले. दुसऱ्या सकाळी तिने पुंजाजींना सांगितले, कालचे खराब झाले, पुन्हा तोडून दाखवा. जवळ पडलेले दुसरे झाड नव्हते. अर्जदाराने पाण्याकाठचा एक उभा, सरळ साग बोटाने दाखवला. पुंजाजी हसले. "काऊन बाई, बुढी दोनदा मेली का?" एवढे म्हणून त्यांनी शालूबाईंचे नाव घेतले आणि कुऱ्हाड उचलली. नाव घेतल्याशिवाय ते अशा लाकडाला हात लावत नाहीत, हे अर्जदारास माहीत होते. तेच तिला चित्रात हवे होते.

३. वनातील चित्रणाच्या परवानगीच्या अटीनुसार प्रत अर्जदाराने स्वतः आपल्या कार्यालयात जमा केली. त्यावरूनच उभा साग तोडल्याचा गुन्हा दाखल होऊन पुंजाजींना अटक झाली. त्यांच्या जबाबात "स्वतःच्या मर्जीने" असे लिहिले आहे. प्रतीत अर्जदाराचा आवाज नाही. स्वतःचा आवाज पुसूनच चित्रण द्यायचे, ही तिची कामाची सवय आहे.

४. वनरक्षक गोविंदा यांच्याकडे अर्जदाराने दोष कबूल केला. ते म्हणाले, "मॅडम, तुमी साक्षीदार आहा. आरोपी व्हायची लय हौस असन तं कुऱ्हाड घेऊन या." अर्जदार दुसऱ्या दिवशी कुऱ्हाड घेऊन गेली. कुऱ्हाड ठेवून घेतली, अर्ज परत केला.

५. आता निकड अशी. पुंजाजींच्या घरी मेलेल्याचे नाव घेऊन तोडलेले लाकूड रिकामे ठेवत नाहीत; ते कोणा मेलेल्याच्या नावे उभे व्हावेच लागते. शालूबाईंचा खांब उभा झाला. दुसरा, जप्त केलेला ओंडका आपल्या आवारात क्रमांक टाकून पडला आहे. कारागृहात भेटीस गेलेली त्यांची मुलगी वंदना हिला पुंजाजी म्हणाले, "ते दुसरं लाकूड माह्यं हाय. मले आता डबा आणू नको." आज अकरावा दिवस. ते फक्त पाणी घेतात. वंदना अर्जदाराशी बोलत नाही. हे तिने शेजारणीकडून कळवले.

६. तरी गुन्ह्यातून पुंजाजींचे नाव कमी करून अर्जदाराचे घालावे. तसे करण्यास वेळ लागणार असल्यास, निदान तो ओंडका आजच अर्जदाराच्या नावे नोंदवावा आणि कारागृहात तसे कळवावे, म्हणजे ते जेवतील. त्या लाकडाला माणूस हवेच असेल, तर ते उपलब्ध आहे.

उत्तरासाठी आपल्या कार्यालयाच्या पायरीवर बसलेली,
आपली नम्र,
अनुपमा अर्जुनराव भुतेकर
दि. २१ एप्रिल २०२५

पहिल्या सकाळचे चित्रण खराब झाले नव्हते.